लाखोळीच्या राखेत काही नव्हतं

विशाखा,

काल तुझ्या शाळेत जाऊन मी तुझं नाव बुडवून आले, असं लोक म्हणून राहिलेत. म्हणोत. तुझं नाव कशात होतं ते तुला ठाऊक होतं अन् मला. आता तू नाहीस, म्हणजे माझ्या एकटीलाच ठाऊक. हेच तर मला सोसत नाही.

शोकसभा होती. तुझ्या प्रयोगशाळेत खुर्च्या मांडल्या होत्या. टेबलावर तुझा फोटो, तोच, ज्यात तू फोटोवाल्यावर चिडल्यासारखी पाहतेस. मुख्याध्यापक बोलले, चांगलं बोलले. मग म्हणाले, आजपासून या प्रयोगशाळेला मॅडमचं नाव. अन् भिंतीवरचा कपडा ओढला. पाटी सुरेख होती, खोटं कशाला बोलू. वर तुझं नाव, खाली लिहिलेलं, 'कोशाच्या सुतासाठी लाखोळीच्या राखेचा शोध लावणाऱ्या शिक्षिका'. लोकांनी टाळ्या वाजवल्या. शोकसभेत टाळ्या, बाप्पा! पोरींच्या डोळ्यांत पाणी, अन् तुझे मालक, मनोहरभाऊजी, पहिल्या रांगेत मान खाली घालून बसलेले.

मला कोणी बोलायला सांगितलं नव्हतं. मी कोण? कोष्ट्याची बाई, घरी बसून कोशाचं रेशमी सूत काढणारी, मॅडमची मैत्रीण म्हणून मागच्या खुर्चीवर बसवलेली. पण ती पाटी वाचली अन् माझं डोकं फिरलं. उठले अन् म्हणाले, "अजी सर, हे खोटं आहे. लाखोळीच्या राखेत काही नव्हतं. अन् काही नव्हतं हे तिनंच शोधून काढलं होतं."

सगळे माझ्याकडं वळून पाहायला लागले. मुख्याध्यापक हसल्यासारखं करून म्हणाले, "ताई, आज हा विषय नको." मी म्हटलं, "आज नको त कधी? ती काय उद्या येनार आहे सांगायले?" मग कोणीतरी माझा हात धरून मला बाहेर आणलं. हात धरणारी तुझीच कोणी विद्यार्थिनी होती. पोरीनं पाणी दिलं, पण माझ्या डोळ्याला डोळा भिडवला नाही.

व्हरांड्यात मनोहरभाऊजी आले. आवाज चढवला नाही त्यांनी. चढवला असता तर बरं झालं असतं. म्हणाले, "निर्मलाताई, एक पाटी होती वं. आयुष्यभर तिनं कायची हाव नाही केली. एक पाटी होती, थेबी तुमाले पाहवली नाही?" अन् निघून गेले. मी तिथंच खांबाला टेकून उभी राहिले. त्यांना उत्तर देणारी फोटोत बसली होती.

म्हणून आता तुझ्याशी बोलते. दुसरं कोण आहे? मुलगा हैदराबादला, फोनवर 'हां आई, हां आई' करतो अन् तिकडं कोणाशी तरी बोलत असतो. मालक जाऊन किती वर्षं झाली. माग बंदच आहे. संध्याकाळची शाळा सुटायची वेळ झाली की कान अजून गल्लीच्या तोंडाशी जातात. तुझ्या गाडीचा तो खोकल्यासारखा आवाज येईल, तू ओसरीवर पर्स फेकशील, अन् चप्पल काढायच्या आधी भांडण काढशील. काल शाळेतून आले तेव्हा तीच वेळ होती. गल्लीत दुसऱ्याच गाड्या होत्या.

पहिल्यांदा आलीस तेव्हाचं आठवतं? जिल्ह्याचे दोन तुकडे झाले होते, गोंदिया वेगळा निघाला होता, अन् तू तिकडच्या शाळेतून इकडं भंडाऱ्याला बदली मागून घेतली होतीस. नवी नवी होतीस. दारात उभी राहून म्हणालीस, "मले जित्ता कोसा पायजे. पोरींनी पुस्तकात पाहिला आहे. पुस्तकातला कोसा हालत नाही." मला वाटलं, बाई वेडी आहे. आमच्याकडं लोक कोशाची साडी मागायला येतात, ही आतला किडा मागायला आली.

सासूबाई होत्या तेव्हा. त्यांनी आपल्या पद्धतीनं सगळं विचारून घेतलं. माहेर चिखल्याचं, वडील मँगनीजच्या खाणीत, सासर शहापूरचं. मग घर कोणाचं, देव्हाऱ्यात कोण. तू सरळ सांगितलंस, "आमच्या घरी बाबासाहेबांचा अन् बुद्धाचा फोटो आहे, आई." सासूबाई आत गेल्या अन् चहा घेऊन आल्या, तो तुझा वेगळ्या कपात. कानाला टवका गेलेला कप. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तुझ्या ते लक्षात आलं नसेल असं मी मनाला सांगत होते, तेवढ्यात तू म्हणालीस, "आई, एक काम करा. डोळे झाका. दोनी कपात एकच चहा टाकू. कोनत्या कपातला कोनता, थे पिऊन सांगा. बराबर सांगितलं त मी उठून जाईन."

तू रागानं बोलली नव्हतीस, तेच तर भारी होतं. तुला खरंच पाहायचं होतं. सासूबाई "पोट्टी मोठी तोंडाची आहे" म्हणून आत गेल्या. बदलल्या वगैरे काही नाहीत. पण त्यानंतर तू आलीस की त्या बाहेर यायच्या नाहीत. मला वाटतं डोळे झाकायचं त्यांना भ्या वाटत होतं.

तू आपला जित्ता कोसा डब्यात घालून घेऊन गेलीस, अन् दुसऱ्या दिवशी पुन्हा आलीस. मग रोजच यायला लागलीस.

आपण किती भांडलो वं! अन् भांडण एकच. मी म्हणायची, तुमच्या विज्ञानात आहे काय? जे आधीपासून आहे तेच पाहायचं अन् वरून नाव मिरवायचं. मी साडीला धानाच्या लोंबीचा काठ काढला, तो जगात कुठं होता का? मला सुचला तेव्हा झाला. मी नसते तर तो नसता. अन् तुमचा तो सफरचंद पाहणारा नसता तरी सफरचंद खालीच पडलं असतं ना? मग मोठं कोण?

तू हसायची नाहीस अशा वेळी, नाक फेंदारायचीस. एकदा म्हणालीस, "माह्या बाबाच्या आधी लोक त्याच काळ्या दगडावर बसून बिड्या पेत होते. दगड होता. मँगनीज नव्हतं." मी म्हटलं, नव्हतं कसं, होतंच की त्या दगडात. तू म्हणालीस, "होतं त कोनाले होतं? हा दगड एवढा भारी काहून आहे, हे जवापर्यंत कोनी विचारलं नाही, तवापर्यंत थो फक्त दगड होता. उत्तर आपल्या जाग्यावर पडून रायते निमा. प्रश्न पडून नाही रायत. थो कोनाले तरी बनवा लागते. तुह्या काठासारखा."

मला ते पटलं होतं. पण तुला कळू दिलं नाही. म्हटलं, "अन् बनवलेला प्रश्न चुकला त?"

"तुहा काठ चुकला त काय करतेस?"

"उसवून टाकतो."

"हो ना. आमीबी उसवतो."

तेव्हा मला वाटलं, बोलायला काय जाते. उसवणं काय असतं ते मागावर बसणाऱ्याला विचार. दिवसभर विणलेलं संध्याकाळी एकेक धागा करून उलटं काढायचं. ही शाळेतली बाई काय उसवणार? तसं मला वाटलं होतं, अन् पुढं तू माझ्या डोळ्यांदेखत उसवलंस.

लाखोळीचं ते सगळं तुला माहीत आहे, पण मला पुन्हा सांगू दे, काल कोणी सांगूच दिलं नाही.

कोसे आम्ही सोड्याच्या पाण्यात उकळतो. मऊ झाले की चार-सहा कोशांचे धागे एकत्र ओढायचे अन् उघड्या मांडीवर वळून त्यांचं सूत करायचं. सोड्याच्या पाण्यानं मांडी भाजते. आमच्या गल्लीतल्या कोणत्याही बाईला विचार, उजव्या मांडीवर काळा डाग आहेच. पूर्वीच्या बाया चुलीतली राख वापरायच्या, पण राखेनं कोसा नीट सुटत नाही म्हणून ते मागे पडलं. एके दिवशी माझा सोडा संपला होता, जळणही ओलं होतं. गायीसाठी आणलेलं लाखोळीच्या डाळीचं कुटार, मळणीतला भुसा, पडलं होतं, तेच चुलीत सारलं अन् त्याचीच राख हंडीत टाकली. सहज, रागाच्या भरात. अन् सूत निघालं ते असं, की मी हात थांबवून पाहत बसले. लोण्यासारखं येऊन राहिलं होतं. तुटत नव्हतं. मांडीला आग नाही. अन् चमक!

तू आलीस तेव्हा मी ते सूत तुझ्या गळ्यात घातलं होतं. तू ते उन्हात धरलंस, डोळ्याजवळ नेलंस, बोटांवर ओढून पाहिलंस अन् तुझा चेहरा पोरीसारखा झाला. "निमा," तू म्हणालीस, "हे काय केलंस वं तू?"

पुढं तू किती मेहनत घेतलीस. लाखोळीच्या राखेत काय काय असतं ते काढलंस, शाळेत पोरींना घेऊन प्रयोग मांडलेस, नागपूरच्या विज्ञान प्रदर्शनात गेलीस. पेपरात छापून आलं. गल्लीतल्या बायांनी लाखोळीचं कुटार साठवायला सुरुवात केली. बातमीत माझं नाव नव्हतं म्हणून तू त्या पेपरवाल्याच्या ऑफिसात जाऊन भांडलीस, अन् मी म्हटलं, जाऊ दे वं, मला कोण ओळखते. खरं सांगू? मला तुझं नाव छापलेलं पाहून जास्त बरं वाटलं होतं. चिखल्याच्या खाणकामगाराची पोरगी, पेपरात. तू ते कात्रण पर्समध्ये ठेवलं होतंस. मला दिसू नये अशा बेतानं काढून पाहायचीस, पण मला दिसायचं.

अन् मग एक दिवस आलीस, चप्पलही काढली नाहीस. म्हणालीस, "निमा, आपन एक गोष्ट केलीच नाही. डोळे झाकून पाह्यलंच नाही."

मी म्हटलं, काय पाहायचं आता? साऱ्या गल्लीनं पाहिलं. हातानं कळतं की मला!

"हातालेबी सांगितलेलं असते वं, ही लाखोळीची हंडी आहे म्हनून."

बाप्पा, मी किती चिडले होते तुझ्यावर! माझ्या हातावर संशय? हयात गेली माझी या सुतात. पण तू ऐकणारी नव्हतीस. एकाच झाडाचे कोसे, दोन सारख्या हंड्या, दोन्हींखाली लाकडंच, एकीत लाखोळीची राख, दुसरीत तुझ्याच घरच्या चुलीतली साधी लाकडाची. मी भिंतीकडं तोंड करून बसायची. तू मागं हंड्या उकळायचीस, जागा बदलायचीस, अन् कोसे माझ्या पुढ्यात ठेवायचीस. कोणते कोणते ते फक्त तुला ठाऊक. मी सूत काढायचं अन् सांगायचं.

पहिल्यांदा मी छातीठोक सांगितलं. तू काही बोलली नाहीस. दुसऱ्यांदा सांगितलं. तू गप्प. किती दिवस केलं आपण ते, आठवत नाही. मी मागं वळून तुझ्या तोंडाकडं पाहायची, काही तरी दिसेल म्हणून. भुवईसुद्धा हालायची नाही तुझी. मग म्हणालीस, आता मी भिंतीकडं बसते, तू हंड्या बदल, चमक मी ओळखते. तेव्हा मला कळलं, माहीत असून गप्प बसणं काय असतं. तू साध्या राखेचं सूत हातात घेऊन "हे लाखोळीचं" म्हणालीस, अन् माझ्या जिभेवर आलं होतं, अवं नाही वं, ते दुसरं! जीभ चावून बसले. गल्लीतल्या काशीबाईलाही बसवलं आपण. तिचंही तेच.

शेवटी तू ओसरीवर बसून सांगितलंस. कधी बरोबर, कधी चूक. नाणं उडवून सांगितलं असतं तरी एवढंच जमलं असतं. लाखोळीच्या राखेत काही नव्हतं. आपण पाहिलं ते आपल्याला पाहायचं होतं म्हणून दिसलं. माझ्या हाताला अन् तुझ्या डोळ्याला, दोघांनाही.

त्या दिवशी मी तुला काय काय बोलले! काहून केलं हे? कोणी सांगितलं होतं? बाया खूश होत्या, तुझं नाव झालं होतं, कोणाचं काय नुकसान होत होतं? तू ऐकून घेतलंस. मग अगदी हळू म्हणालीस, "मलेबी वाटत होतं वं निमा. एक तरी गोष्ट माह्या नावानं रहावी. बाबा गेले तवा खाणीत त्यायच्या नावाचं कायबी नव्हतं, हजेरीचा नंबर तेवढा. मले लय वाटत होतं." अन् पर्समधलं ते कात्रण काढून माझ्या चुलीत टाकलंस. मी हात पुढं केला होता. तोवर जळलंही.

त्याच आठवड्यात गल्लीतल्या बायांना माझ्या अंगणात बोलावून सगळं सांगितलंस, आपलं कसं चुकलं ते, उभी राहून, वर्गात सांगतात तसं. बायांना फार काही वाटलं नाही. काशीबाई म्हणाली, "बरं, कुटार गायीले टाकू मंग." संपलं. पेपरवाल्याकडंही गेली होतीस तू. तो म्हणाला, मॅडम, 'शोध लागला नाही' ही काय बातमी आहे? म्हणून ती पहिलीच बातमी लोकांच्या डोक्यात राहिली, अन् कालच्या पाटीवरही तीच आली.

विशाखा, माझा राग अजून गेलेला नाही, हे तुला सांगून ठेवते. तू मेलीस म्हणून मी गोड बोलणार नाही. मला अजूनही वाटतं, तुला ते सुख काही वर्षं तरी मिळू द्यायला पाहिजे होतं. तूच तुला दिलं नाहीस. इतकं कठोर कोणी स्वतःशी होते का? अन् तरी काल ती पाटी पाहिली तेव्हा मलाच उभं राहावं लागलं. कारण ज्या गोष्टीसाठी तू खरंच मोठी होतीस, ती पुसून त्यांनी भलतीच गोष्ट लिहिली होती. राख तर माझ्याकडून सहज पडली होती. त्यात तुझं काय? तुझं होतं ते पुढचं, 'डोळे झाकून पाहू' हे सुचणं. ते कुठं पडलेलं नव्हतं. माझ्या लोंबीच्या काठासारखं ते तू तुझ्या मनातून काढलंस, अन् त्यानं तुझंच सगळं उसवलं. आपल्या भांडणात तू जिंकलीस, बाई. हे तुला ऐकायचं होतं ना? तेव्हा मी म्हटलं नाही. आता म्हटलं तर ओसरीवर कोणी नाही.

मनोहरभाऊजींना मी हे कसं समजावू? ते म्हणतात एक पाटी होती. खरंच आहे त्यांचं. तुलाही ती पाटी हवी होती, हे त्यांच्याइतकं मलाही ठाऊक आहे, अन् म्हणूनच तर काल घरी येऊन मी स्वयंपाक केला नाही. तुला जे हवं होतं ते मी तुझ्या तोंडातून काढून घेतलं, अन् तुझ्याच बाजूनं काढून घेतलं. हे कोणाला सांगू?

अन् ते अर्धवट राहिलेलं. दवाखान्यात मी तुला भेटायला आले होते, तू नळ्यांमध्ये, अन् मला जवळ बोलावून काय सांगितलंस? "निमा, सूत त त्या दिवशी खरंच चांगलं निघालं होतं ना वं?" मी म्हटलं, हो, देवाशपथ, ते पहिल्या दिवशीचं सूत खरंच लोण्यासारखं होतं. तुझे डोळे चमकले. "मंग राखेनं नाही, त कायनं? आपन राखेकडंच पाहत राहिलो. आचेकडं कोनी पाह्यलंच नाही. कुटार भसकन जळते अन् इझते. हंडी मंग निखाऱ्यावर निवांत बसते. लाकडावर कोसा धडधड उकळते." एवढं बोलून दमलीस, पण हसत होतीस. इतक्या वर्षांनी पुन्हा पोरीसारखी. "घरी आली की पाहू," म्हणालीस.

घरी आलीच नाहीस.

म्हणून आज दुपारी मी चूल पेटवली. दोन हंड्या. दोन्हींत एकच साधी राख, एकाच झाडाचे कोसे. एक भरभर आचेवर, एक निखाऱ्यावर निवांत. हे बरोबर मांडलं ना मी? तू शिकवलं तसंच. कोसे शिजले, दोन थाळ्यांत काढले, भिंतीकडं तोंड करून बसले, अन् तेव्हा डोक्यात आलं, मलाच तर माहीत आहे कोणती थाळी कोणती.

काशीबाईला हाक मारली. समजावलं तिला, थाळ्या बदल, पण मला सांगू नको. ती म्हणाली, "कायले लपवायचं वं?" मी म्हटलं, तू बदल फक्त. मी डोळे मिटले. तिनं थाळ्या हलवल्या, माझ्या पुढ्यात एक सरकवली, अन् माझ्या पाठीवरून हात फिरवून अगदी मायेनं म्हणाली, "हे निखाऱ्यावरचे होत बरं. सावकास काढ."

मी तिला पुन्हा सांगितलं. पुन्हा बदलल्या तिनं. या वेळी तोंडानं बोलली नाही, पण चांगली थाळी पुढं करताना माझा हात धरून कोशावर नेऊन ठेवला. कालपासून मी जेवले नाही हे तिला कळलं होतं. तिला वाटलं, या बाईला आज काही तरी बरोबर यायला पाहिजे. तिच्यावर कशी रागावणार मी? शेजारची सून आली, तीही तेच करून गेली. माझे हाल बघवत नाहीत कोणाला. सगळे सांगून टाकतात.

माझ्यावर एवढा जीव असून, माहीत असून, मला न सांगणारी तू एकटीच होतीस विशाखा. थाळ्या पुढ्यात आहेत. कोसे थंड झालेत.